तुम्ही विचारलंत म्हणून: अलिबागचा मी आणि लॉर्ड कॉक्रेन

आंग्र्यांचा कुलाबा किल्ला रोज बघत मोठा झालेला माणूस आरमाराचा विषय निघाला की ब्रिटिश आरमारातल्या थॉमस कॉक्रेन या स्कॉटिश उमरावाबद्दल का बोलत बसतो, असं मला बरेच जण विचारतात. कान्होजींबद्दलचा माझा आदर कमी झालेला नाही. उलट, आंग्र्यांची हलकी गलबतं मोठ्या जहाजांना कशी पुरून उरायची, हे ऐकत वाढलो म्हणूनच कॉक्रेन मला चटकन कळला.

उमराव म्हटलं की आपल्याला गडगंज इस्टेट दिसते. याच्या घरी तसं काही उरलं नव्हतं. 1775 साली हा जन्मला डंडोनल्डच्या अर्लच्या घराण्यात, पण वडिलांना शोधांचा भारी नाद. दगडी कोळशापासून डांबर काढायचं आणि जहाजाच्या तळाला फासायचं, म्हणजे लाकडाला कीड लागणार नाही. कल्पना चांगली होती. आमच्याकडे किनाऱ्यावर होडी उलटी घालून तळाला डांबर फासताना मी लहानपणी तासन् तास बघितलंय. पण ब्रिटिश आरमाराने तळाला तांब्याचे पत्रे ठोकायचं ठरवलं, आणि घराण्याचा पैसा अशा शोधांपायी संपला. थोरल्या मुलाच्या, म्हणजे याच्या, वाट्याला नुसती पदवी. कॉक्रेनचं शौर्य आणि त्याची पैशाची हाव, दोन्ही मला त्या रिकाम्या घरातूनच आलेली दिसतात.

ब्रिटिश आरमारात त्याच्या हुकमाखाली आलेलं स्पीडी हे पहिलं जहाज इतकं लहान होतं, की त्याच्या एका बाजूच्या सातही तोफांचे गोळे मिळून जेमतेम 13 किलो भरायचे. ते सगळे खिशात घालून मी डेकवर फिरू शकतो, असं त्याने लिहून ठेवलंय. केबिन एवढी बुटकी, की हा सहा फुटांवरचा माणूस झरोक्यातून डोकं बाहेर काढायचा, दाढीचं सामान डेकवर मांडायचा आणि तशीच दाढी करायचा. 6 मे 1801 रोजी बार्सेलोनाजवळ त्याची गाठ पडली गामो या शत्रूच्या, स्पॅनिश जहाजाशी. तिकडे 32 तोफा आणि 319 माणसं, इकडे 14 तोफा आणि 54 माणसं. कॉक्रेन पळाला नाही, गामोला जाऊन चिकटला. गामो उंच, त्यामुळे तिच्या तोफांचे गोळे स्पीडीच्या डोक्यावरून जात राहिले. मग सुकाणूवर एकट्या डॉक्टरला उभं करून बाकी सगळे गामोवर चढले. जहाज हाती आलं. स्पीडीची तीन माणसं गेली. आपल्या जहाजाचं बुटकेपण हेच आपलं चिलखत, हे ज्याला ऐन वेळी सुचतं, त्याच्याबद्दल मी बोलत राहणारच.

राजकारणातही तो असाच शिरला. इंग्लंडमधल्या हॉनिटन मतदारसंघात मतं सर्रास विकली जायची. याने पैसे द्यायला नकार दिला आणि पडला. पडल्यावर मात्र ज्यांनी मत दिलं होतं, त्यांना प्रत्येकी 10 गिनी (सोन्याची ब्रिटिश नाणी) वाटल्या. पुढच्या खेपेला, 1806 मध्ये, लोकांनी त्याच आशेने निवडून दिलं, तेव्हा एक छदामही दिला नाही. काहींना ही लबाडी वाटते. मला तो मतदारांना दिलेला रोखठोक धडा वाटतो.

1814चं प्रकरण मात्र मला आजही बोचतं. ब्रिटनचा शत्रू नेपोलियन मेल्याची खोटी बातमी लंडनमध्ये पसरवली गेली, सरकारी रोखे वधारले, आणि त्याच दिवशी कॉक्रेनचेही रोखे विकले गेले. बातमी आणणारा तोतया थेट त्याच्या घरी गेला होता. फसवणुकीच्या कटाबद्दल कॉक्रेनला शिक्षा झाली, आरमारातून आणि संसदेतून हकालपट्टी झाली. वेस्टमिन्स्टर या लंडनमधल्या त्याच्या तेव्हाच्या मतदारसंघातल्या मतदारांनी त्याच महिन्यात त्याला परत निवडून दिलं. तो दोषी होता का, यावर अजून वाद आहे. मला तो निर्दोष वाटतो, पण पैशाचं नाव निघालं की तो कसा वागायचा ते वाचल्यावर मी शपथेवर सांगणार नाही. पुढे स्पेनपासून स्वतंत्र होऊ पाहणाऱ्या चिलीच्या आरमाराचा प्रमुख असताना पगार थकले, तर त्याच बाजूचा सेनापती सान मार्तिन याचा खजिनाच त्याने ताब्यात घेतला आणि खलाशांना वाटला! याच माणसाने 1820 मध्ये स्पेनच्या ताब्यातले वाल्दिव्हियाचे किल्ले मूठभर लोकांनिशी घेतले होते. नंतर ब्राझीलच्या आरमारात, मग ग्रीसच्या. ग्रीसमध्ये फारसं काही साधलं नाही.

1832 मध्ये त्याला माफी मिळाली, हुद्दा परत मिळाला. आणि 1848 मध्ये, वयाच्या बहात्तराव्या वर्षी, तो उत्तर अमेरिका आणि वेस्ट इंडीजच्या ब्रिटिश ताफ्याचा प्रमुख झाला. त्याचं निशाण ज्या वेलस्ली जहाजावर फडकलं, ते आपल्या मुंबईच्या गोदीत, वाडियांच्या देखरेखीखाली, सागवानात बांधलेलं. ते पाण्यात उतरलं फेब्रुवारी 1815 मध्ये, तेव्हा कॉक्रेन लंडनच्या तुरुंगात होता. हे मला फार उशिरा कळलं. गेटवेहून मांडव्याची लाँच निघाली की मी अजूनही गोदीच्या बाजूला बसतो.