तुम्ही विचारलंत म्हणून : प्रत्येक सिनेमात रेणुका कशाला?

"सर, साधी गोष्ट साधी म्हणून बघताच येत नाही का तुम्हाला?" सिनेमा संपतो, दिवे लागतात, मी चार वाक्यं बोलतो आणि हा प्रश्न येतो. बेळगावात येतो, खानापुरात येतो, निपाणीच्या एका बैठकीतही आला. मी कुठल्याही कलाकृतीत आदिबंध, म्हणजे माणसाच्या नेणिवेत पिढ्यानपिढ्या रुजलेले नमुने, शोधतो आणि शेवटी सौंदत्तीच्या रेणुकेच्या डोंगरावरच जाऊन पोचतो, अशी तक्रार आहे. एका जुन्या विद्यार्थिनीनं स्पष्टच विचारलं, "सगळीकडं रेणुका कशाला आणता?" आजवर मी मानसशास्त्रज्ञ युंगचं नाव घेऊन उत्तर देत आलो आणि त्या नावाआड उभा राहिलो. या वेळी तसं करत नाही.

आधी माझी बाजू. मी रेणुका आणत नाही, ती तिथं असते. तिची गोष्ट थोडक्यात अशी : पाण्यावर गेलेली रेणुका उशिरा परतते, नवरा जमदग्नी मुलांना तिचं शिर उडवायला सांगतो, थोरले नकार देऊन शाप घेतात, धाकटा परशुराम ते उडवतो. युंगनं आदिबंधाला नदीच्या कोरड्या पात्राची उपमा दिली आहे. पाणी आटतं, पात्र राहतं, आणि पुन्हा पाणी आलं की ते त्याच वाटेनं जातं. मलप्रभा उन्हाळ्यात पाहिलेल्या माणसाला हे समजावून सांगावं लागत नाही. 'दीवार' (1975) घ्या. दोन मुलगे, एक हत्यार आणि मध्ये आई. फरक इतकाच की तिथं हत्यार धाकट्याच्या हाती आई स्वतः देते आणि नेम थोरल्यावर असतो. 'उंबरठा' (1982) घ्या. बाई घराबाहेर पडते, परत येते आणि परत आलेल्या बाईला तिथं जागा उरलेली नसते. त्या सिनेमात देवी कुठंच नाही हे मलाही दिसतं. पण तो पाहून मी थिएटरबाहेर आलो तेव्हा माझे हात थरथरत होते. वीस वर्षांच्या पोराचे हात एका समाजसेविकेच्या गोष्टीनं का थरथरावेत?

ग्रीकांकडंही मुलगा आईला मारतो. ऑरेस्टिस बापाच्या खुनाचा सूड म्हणून आईचा जीव घेतो. मग सूडदेवता त्याच्या मागं लागतात, अथेन्सला खटला चालतो, मतं पडतात, अथीनाच्या मतानं तो सुटतो. तिथं निदान विचारणा होते. आपल्याकडं काय होतं? महाभारताच्या वनपर्वात परशुराम बापाकडं वर मागतो : आई जिवंत व्हावी, भाऊ पूर्ववत व्हावेत, मला पाप लागू नये, आणि आईला वधाची आठवण राहू नये. हा शेवटचा वर मी वर्गात कितीदा तरी वाचून दाखवला असेल. दर वेळी पुढच्या ओळीवर घाईनं गेलो.

आता ते सांगतो.

आमचं घर बेळगावच्या वडगावात, घरात माग. अप्पा मराठी. आई सौंदत्ती तालुक्यातली, माहेर पूर्ण कानडी. तिला मराठी बोलता यायचं, वाचता यायचं नाही. आम्ही तिघं भाऊ मराठी शाळेत. थोरल्या दोघांना कानडी अक्षरं कधी आली नाहीत. मला आली, कारण आईनं दुपारी मागाचा खडखडाट थांबला की पाटीवर गिरवून घेतली. पत्राच्या शेवटी 'इंति' लिहायचं असतं, हेसुद्धा तिनंच शिकवलं. मी शाळेतून आलो की ती विचारायची, "ऊटा आतेन?" म्हणजे, जेवण झालं का? मी कानडीतच उत्तर द्यायचो. घरात ही भाषा फक्त आम्हा दोघांची होती. मंगळवारी, शुक्रवारी डोक्यावर जग, म्हणजे देवीचा मुखवटा बसवलेली टोपली, घेतलेली जोगतीण यायची, चौंडकं वाजवत रेणुकाआईचं गाणं म्हणायची : वाळूची घागर, सापाची चुंबळ, पाण्यातली जलक्रीडा, झालेला उशीर. आई सुपातून जोंधळे आणून तिच्या परडीत घालायची आणि गाणं संपेपर्यंत दारात उभी राहायची.

1974 साली, मी बारा वर्षांचा असताना, आई शेजारच्या बायकांबरोबर सिनेमाच्या दुपारच्या खेळाला गेली. सांगून गेली नाही. मध्येच वीज गेली, खेळ लांबला, ती दिवेलागणीनंतर घरी आली. अप्पा ओट्यावर बसले होते. मारहाण झाली नाही, शिवीगाळही नाही. दुसऱ्या दिवशी तिला माहेरच्या गाडीत बसवून दिलं. आठ-दहा दिवसांत येईल असं आम्हाला वाटलं. तीन आठवड्यांनी अप्पांनी निळं अंतर्देशीय पत्र आणलं आणि थोरल्याला म्हणाले, "कुणाकडनं तरी कानडीत लिहून आण. पोरं हितंच राहतील म्हणावं. तू येऊ नकोस."

दादा ताटावरून उठला. हात न धुता बाहेर गेला आणि ती रात्र मागाच्या खोलीत झोपला. अप्पा पुढं दोन महिने त्याच्याशी बोलले नाहीत. मधल्याला विचारलं तर तो म्हणाला, "मला कानडी येत नाही," आणि ते खरंच होतं. मग अप्पांनी माझ्याकडं पाहिलं. ओरडले नाहीत. नुसतं पत्र पुढं सरकवलं आणि कंदिलाची वात वर केली.

अप्पा मराठीत सांगत होते, मी कानडीत लिहीत होतो. म्हणजे शब्द माझे होते. 'येऊ नकोस'साठी मी 'बरबेड' लिहिलं. अप्पांना लिहिलेलं वाचता येत नव्हतं. मी तिथं काहीही लिहू शकलो असतो. 'लवकर ये' लिहिलं असतं तरी त्या घरात कुणाला कळलं नसतं. हे मला तेव्हा सुचलंच नाही, असं मी स्वतःला फार वर्षं सांगितलं. सुचलं होतं. त्या क्षणी मला भीती नव्हती, अक्षर चांगलं यावं एवढीच काळजी होती. थोरल्यांना जमलं नाही ते मला जमतंय, अप्पा माझ्या शेजारी बसलेत, मलाच सांगतायत, याचा आनंद होता. खाली 'इंति' लिहिलं. अप्पांनी वाचून दाखवायला लावलं. मी वाचलं. ते म्हणाले, "हं. बरोबर."

नऊ महिन्यांनी मामा तिला घेऊन आले. चार जाणती माणसं बसली, बोलणं झालं, ती आत आली. मी दाराशी उभा होतो. तिनं माझ्या डोक्यावरून हात फिरवला आणि म्हणाली, "जेवलास काय?"

मराठीत. त्यानंतर ती माझ्याशी कधीही कानडी बोलली नाही. भाजीवालीशी बोलायची, मावशी आली की तासन्‌तास बोलायची. मी खोलीत गेलो की वाक्य अर्धं सोडून मराठीवर यायची. 2011 मध्ये ती गेली. शेवटच्या आजारात तिचं मराठी बरंच पुसलं गेलं होतं, डॉक्टरांशीही ती कानडीच बोले. माझ्याकडं वळली की शब्द शोधत थांबायची, पण कानडी नाही.

लोककथेत रेणुकेबरोबर मातंगी नावाच्या बाईचंही शिर उडतं आणि पुन्हा जोडताना मुंडक्यांची अदलाबदल होते. रेणुकेच्या धडावर मातंगीचं डोकं, मातंगीच्या धडावर रेणुकेचं. रा. चिं. ढेऱ्यांनी 'लज्जागौरी'त (1978) शिर नसलेल्या देवीचा जो शोध घेतला, तो मी पहिल्यांदा वाचला तेव्हा विद्वत्ता म्हणून वाचला. भूमी, सर्जन, रेणुका म्हणजे मातीचे कण, हे सगळं मला पटलं आणि अजून पटतं. पण जोगतिणीच्या गाण्यातला तुकडा मला पुस्तकातून कळला नाही. परत आलेली आई धडानं तीच होती. डोकं कुणाचं होतं ते मला शेवटपर्यंत समजलं नाही.

नव्वदच्या दशकात मी एका दिवाळी अंकात लेख लिहिला होता. परशुराम अपराधी नाही, असं त्यात म्हटलं होतं. सामूहिक नेणिवेतला एक नमुना त्याच्या हातून पूर्ण होतो, पित्याचा शब्द आणि मातेचं शिर यांच्या मध्ये तो फक्त हात आहे, वगैरे. लेखाचं कौतुक झालं. आज तो वाचला की मला त्या माणसाला धरून विचारावंसं वाटतं : फक्त हात कसा? थोरल्यांनाही हात होते. त्यांनी नकार दिला आणि शाप घेतला. आदिबंध सगळ्यांना एकाच वाटेनं नेत असेल, तर दादा ताटावरून कसा उठला?

आणि लगेच तो लेख लिहिणारा मला उलट विचारतो : बारा वर्षांच्या पोरावर किती ओझं टाकशील? गोष्ट हाताशी नसती, तर तू हे एक अक्षरही बोलू शकला असतास का? त्याचंही मला खोडता येत नाही. मिथकानं मला बोलायला जागा दिली. त्याच मिथकाआड मी पस्तीस वर्षं लपलो, हेही खरं. तुम्ही म्हणता मी सिनेमात रेणुका घुसडतो. मला वाटतं मी प्रत्येक सिनेमात तो मुलगा शोधतो आणि तो या वेळी काय करतो ते बघतो.

आणखी एक. पुराणकार सांगतात रेणुकेनं पाण्यात काय पाहिलं. पण गोष्टीतलं कुणी तिला स्वतःला विचारत नाही. नवरा नाही, मुलगा नाही. आईनं त्या दुपारी कुठला सिनेमा पाहिला हे मला माहीत नाही. मीही कधी विचारलं नाही.

हा मजकूर मी दादाला फोनवर वाचून दाखवला. तो ऐंशीच्या घरात आहे, ऐकू कमी येतं, पण शेवटपर्यंत ऐकलं. मग म्हणाला, आई त्या दिवशी सिनेमाला गेलीच नव्हती. शहापुरात मावशीचं पोर तापानं फणफणलं होतं, तिकडं गेली होती. सिनेमाचं, वीज गेल्याचं सगळं तू नंतर जोडलंस. मला तर तिकिटाचा गुलाबी तुकडा तिच्या मुठीत अजून दिसतो. दादा म्हणतो, तिकीट नव्हतंच. अर्धा तास आम्ही वाद घातला आणि दोघंही हटलो नाही.

पत्राबद्दल मात्र त्याचं-माझं दुमत नाही.