एक बाइट जास्त

ब्राउझरमधलं आमचं बटण दाबलं की फोल्डरांची यादी उघडायला हवी. एका बाईंच्या मशीनवर यादीऐवजी नुसतं गोल चक्र फिरत राहायचं. एरर नाही, सूचना नाही. ब्राउझर बंद करून परत उघडला तरी तेच. त्यांनी पत्रात आणखी एक गोष्ट लिहिली होती आणि माझं लक्ष तिच्यावरच अडकलं: "अजून चार-पाच फोल्डर केले की आपोआप चालू होतं. मागच्या वेळी एक फोल्डर काढून टाकला, तेव्हाही चालू झालं होतं."

आमचा डेस्कटॉप प्रोग्रॅम वेबवरचे लेख, पीडीएफ, उतारे साठवून ठेवतो. ब्राउझरमध्ये त्याचं एक्स्टेन्शन, म्हणजे ते बटण आणणारी पुरवणी, असतं, मशीनवर मूळ प्रोग्रॅम असतो, आणि दोघांच्या मध्ये एक छोटी होस्ट एक्झी (ब्राउझर सुरू करतो तो निरोप्या प्रोग्रॅम) आणि तिची डीएलएल (तिच्या कोडची वेगळी फाइल). वापरणाऱ्याला ही डीएलएल कधी दिसत नाही. तिची आठवण फक्त ती बिघडली की होते, आणि तेव्हाही दोष ब्राउझरवर जातो. मला या फायलींबद्दल मनापासून आस्था आहे. लोकांचं रोजचं काम त्यांच्यावर चालतं.

अशा तक्रारीत नेहमीच्या जागा आधी तपासायच्या असतात. क्रोम रजिस्ट्रीत (विंडोजच्या सेटिंग्जच्या नोंदीत) होस्टचं नाव शोधतो, तिथून त्याला मॅनिफेस्टची, म्हणजे होस्टच्या माहितीची, जेसन फाइल (जेसन म्हणजे माहिती साध्या मजकुरात मांडायची ठरलेली पद्धत) सापडते, आणि त्या फाइलीत एक्झीचा पत्ता व कोणत्या एक्स्टेन्शनला परवानगी आहे ते लिहिलेलं असतं. यातलं एक जरी चुकलं तरी होस्ट सुरूच होत नाही. पण तेव्हा ब्राउझर 'होस्ट सापडला नाही' किंवा 'परवानगी नाही' अशी स्पष्ट एरर देतो. इथे होस्ट सुरू होत होता. टास्क मॅनेजरमध्ये दिसत होता. आमच्या लॉगमध्येही, म्हणजे प्रोग्रॅमच्या नोंदवहीत, ओळ होती: २६०० बाइटांचं उत्तर पाठवलं, यशस्वी. आणि एक्स्टेन्शनच्या बाजूला काहीच पोचलेलं नव्हतं. फायरफॉक्समध्ये करून पाहिलं, तिथेही तोच प्रकार. दोन वेगळे ब्राउझर एकाच ठिकाणी अडत असतील तर पाणी आपल्याच बाजूला मुरतंय, हे मी तेव्हाच धरून चाललो.

सहकाऱ्याने स्वतःच्या मशीनवर चाळीस फोल्डर केले, इंग्रजी नावांचे. सगळं सुरळीत. मग त्याने तीच नावं देवनागरीत केली आणि चक्र फिरायला लागलं. "सर, युनिकोडचा घोळ आहे," तो म्हणाला. पटण्यासारखंच होतं, कारण बाईंचे सगळे फोल्डर मराठी नावांचे. पण त्याला म्हटलं, आता यातले दहा काढून बघ. काढले, आणि देवनागरी यादी व्यवस्थित उघडली. अक्षरं तीच, नावं तीच. म्हणजे लिपीचा प्रश्न नव्हता, लांबीचा होता. यूटीएफ-८ मध्ये, म्हणजे अक्षरं बाइटांत साठवायच्या नेहमीच्या पद्धतीत, देवनागरीचं प्रत्येक चिन्ह तीन बाइट घेतं, काना-मात्रासुद्धा. त्यामुळे मराठी नावांची यादी इंग्रजीपेक्षा खूप आधी त्या कुठल्यातरी वाईट लांबीला जाऊन पोचत होती. लांबी पुढे गेली की परत ठीक. ही वाईट लांबी कुठली, एवढंच आता शोधायचं होतं.

ब्राउझर आणि होस्ट यांचं बोलणं स्टँडर्ड इनपुट आणि स्टँडर्ड आउटपुट, म्हणजे प्रोग्रॅमच्या येण्याच्या आणि जाण्याच्या ठरलेल्या वाटा, यांवरून चालतं. आधी चार बाइटांत संदेशाची लांबी, मग तेवढ्या लांबीचा जेसन. बस. मी ब्राउझर बाजूला ठेवला, होस्ट कमांड लाइनवरून चालवला, त्याला यादी मागणारा संदेश दिला आणि आउटपुट सरळ एका फाइलीत वळवलं. लांबीचे चार आणि मजकुराचे २६०० मिळून फाइल २६०४ बाइटांची व्हायला हवी होती. झाली २६०५ ची.

हा आकडा पाहून मी फाइल हेक्स व्ह्यूअरमध्ये, म्हणजे एकेक बाइट दाखवणाऱ्या प्रोग्रॅममध्ये, उघडली. एका बाइटात ० ते २५५ एवढेच आकडे मावतात. २६०० म्हणजे दहा गुणिले २५६ अधिक चाळीस. खालचा बाइट आधी, या क्रमाने सुरुवातीला ४०, १०, ०, ० दिसायला हवे होते. दिसले ४०, १३, १०, ०, ०. दहाच्या आधी कुणीतरी तेरा घुसवला होता.

विंडोजवर प्रोग्रॅम लिहिणाऱ्याला ही जोडी डोळे मिटूनही ओळखता येते. दहा म्हणजे नवी ओळ, तेरा म्हणजे कॅरेज रिटर्न, ओळीच्या सुरुवातीला परत जाण्याची खूण. विंडोजवर सी भाषेची रनटाइम लायब्ररी (सी प्रोग्रॅमबरोबर येणारा तयार कोड) आउटपुट मुळात टेक्स्ट मोडमध्ये, म्हणजे साधा मजकूर समजून, उघडते आणि त्यात दहा लिहिला की त्याच्या आधी स्वतःहून तेरा टाकते. मजकुराच्या फाइलीला हे ठीक आहे. इथे तो दहा नवी ओळ नव्हता, तो लांबीच्या आकड्याचा एक तुकडा होता. मॅक आणि लिनक्सवर असा भेदच नाही, म्हणून तिकडून एकही तक्रार आली नव्हती.

आता ब्राउझरच्या जागी बसून बघा. तो पहिले चार बाइट वाचतो: ४०, १३, १०, ०. त्याचा हिशेब होतो ६,५८,७२८. होस्टकडून येणाऱ्या संदेशाला एक एमबीची मर्यादा आहे. हा आकडा तिच्या आतच आहे, म्हणून ब्राउझर आक्षेप घेत नाही. तो साडेसहा लाख बाइटांची वाट बघत थांबतो, अगदी नियमाप्रमाणे. त्यानंतर होस्टने पाठवलेलं सगळं त्याच एका संदेशात जमा होत जातं. फिरणाऱ्या चक्रामागे एवढंच होतं, आणि म्हणूनच कुठेही एरर नव्हती.

लांबी २५६० पासून २८१५ पर्यंत असेल तर दुसरा बाइट दहा येतो. एका फोल्डरची नोंद साधारण पासष्ट बाइटांची, म्हणजे हा पट्टा चार फोल्डरांत ओलांडला जातो. बाईंनी "चार-पाच फोल्डर" लिहिलं होतं ते किती अचूक होतं! त्यांना बाइट माहीत नव्हते, पण त्यांचं निरीक्षण आमच्या लॉगपेक्षा खरं होतं.

हे इतकी वर्षं लपलं कसं, तेही सांगायला हवं. आमची ही लायब्ररी, म्हणजे ती डीएलएल, मुळात ब्राउझरच्या आत चालणाऱ्या प्लगइनसाठी लिहिलेली होती. तेव्हा डीएलएल ब्राउझरच्याच प्रोसेसमध्ये लोड व्हायची आणि बोलणं फंक्शन कॉलमधून चालायचं. ती कोसळली की ब्राउझरला घेऊन कोसळायची, म्हणून ती पद्धत गेली ते बरंच झालं. सप्टेंबर २०१५ मध्ये क्रोम ४५ ने एनपीएपीआय प्लगइन (ब्राउझरच्या आत चालणाऱ्या प्लगइनची ती जुनी पद्धत) काढून टाकले, मार्च २०१७ मध्ये फायरफॉक्स ५२ ने फ्लॅश सोडून बाकीच्यांना निरोप दिला. मग या लायब्ररीला बाहेरची वेगळी प्रोसेस आणि पाइप (दोन प्रोसेसमधली बाइटांची नळी) अशी नवी वाट जोडली गेली. जुन्या वाटेवर टेक्स्ट मोडचा संबंधच नव्हता, त्यामुळे नव्या वाटेवर तो कुणी तपासला नाही.

दुरुस्ती एका ओळीची होती, आउटपुट बायनरी मोडवर, म्हणजे बाइट जसेच्या तसे जाऊ देणाऱ्या मोडवर, टाकायचा. ती करण्याआधी मी चाचणी लिहिली: ब्राउझरचं सोंग घेणारी एक स्क्रिप्ट, एका बाइटापासून सत्तर हजार बाइटांपर्यंत प्रत्येक लांबीचा संदेश होस्टला पाठवणारी आणि तसाच परत मागणारी. ज्यांच्या लांबीत दहा हा बाइट येतो ते सगळे आकडे अपेक्षेप्रमाणे अडले. पण २६ वरही होस्ट बंद पडला. २८२ वरही. ६६५६ पासून ६९११ पर्यंत सलग बंद.

ही दुसरी बाजू, वाचण्याची. टेक्स्ट मोडमध्ये वाचताना २६ हा बाइट, म्हणजे कंट्रोल-झेड, फाइल संपल्याची खूण मानला जातो. ब्राउझरने ६७०० बाइटांचा उतारा पाठवला की लांबीचा दुसरा बाइट २६ येतो. होस्टला वाटतं ब्राउझर निघून गेला, आणि तो शिस्तीत स्वतःला बंद करतो. 'मोठा उतारा साठवताना कधी कधी कनेक्शन तुटतं' अशा तक्रारी आमच्याकडे कितीतरी आल्या होत्या. 'पुन्हा घडलं नाही' असा शेरा मारून त्या बंद झाल्या होत्या. पुन्हा घडणार कसं? तपासणाऱ्याने दुसरा उतारा निवडला, त्याची लांबी वेगळी.

इनपुट आणि आउटपुट दोन्ही बायनरी केले, चाचणी सत्तर हजारांपर्यंत विनाअडथळा गेली. नवी डीएलएल देताना इन्स्टॉलर अडला, कारण ब्राउझर उघडा असेपर्यंत होस्ट चालू राहतो आणि विंडोज वापरातली डीएलएल बदलू देत नाही. त्यासाठी आधी ब्राउझर बंद करायला सांगणारी खिडकी जोडावी लागली.

बाईंना मी काय सापडलं ते आकड्यांसकट कळवलं, कारण अर्धा शोध त्यांचा होता. मग सहकारी आणि मी त्या बंद केलेल्या जुन्या तक्रारी काढून बसलो. जिथे लॉग जोडलेला होता तिथे लांबी ताडून पाहिली. बऱ्याच दहा किंवा सव्वीसमध्ये बसल्या. काही बसल्या नाहीत, त्या आम्ही परत उघडल्या आहेत.