वीस वर्षं लिहायचं नाही

पटकथेच्या वर्गात इराणी सिनेमा मी जरा उशिराच काढतो. आधी दाखवला की लहान मूल, हरवलेले बूट आणि संथ कॅमेरा म्हणजे झालं काम, असं पोरांना वाटतं. परवा मात्र एकाने सेन्सॉरच्या नावाने बोटं मोडली आणि मी थेट इराणी दिग्दर्शक जाफर पनाहींवर आलो.

फळ्यावर फक्त त्यांना झालेली शिक्षा लिहिली. डिसेंबर २०१०. सहा वर्षं कैद. शिवाय वीस वर्षं चित्रपट करायचा नाही, पटकथा लिहायची नाही, मुलाखत द्यायची नाही, देश सोडायचा नाही. खसखस पिकली. "सर, पटकथेवर बंदी? वही तपासायला पोलीस येणार का?"

मग 'धिस इज नॉट अ फिल्म' लावला, २०११चा. पनाही तेहरानमधल्या स्वतःच्या घरात. हातात परवानगी नाकारलेली पटकथा. लिहायचं नाही, पण आधीच लिहिलेलं वाचून दाखवू नये असं निकालात कुठे म्हटलंय? गालिच्यावर चिकटपट्टीने ते एका मुलीची खोली आखतात. हिला कला शिकायचीय आणि घरच्यांनी कोंडून ठेवलंय. वाचता वाचता ते अडखळतात, उठून जातात. नुसतं सांगून भागत असेल तर सिनेमा काढायचाच कशाला, हा त्यांचा सवाल.

मी तिथेच थांबवलं आणि मास्किंग टेप काढली. आपापला एकेक प्रसंग फरशीवर आखा म्हटलं. लातूरकडच्या एका मुलीने सासरचं स्वयंपाकघर आखलं : ओटा, माठ, मागचं दार. वाचायला लागली आणि मध्येच थबकली. कागदावर नायिका एका वाक्यात दाराशी पोचत होती, वाटेत सासू गहू निवडत बसलेली. "हिला ओलांडून जाणार का ही?" असं स्वतःशीच पुटपुटत तिने पुढचे संवाद खोडले. सासू पाय आवरते की नाही, एवढ्यावरच प्रसंग उभा राहिला.

तेव्हा सांगितलं, की बंदी अंगावर असतानाच, २०१८ साली, पनाहींना 'थ्री फेसेस'साठी कान चित्रपट महोत्सवात पुरस्कार मिळाला. तोही पटकथेचा, नादेर साएइवार यांच्यासोबत. देश सोडता येत नव्हता, म्हणून घ्यायला मुलगी सोल्माझ गेली. टाळ्या पडल्या.

लगेच एक जण म्हणाला, "म्हणजे बंदीमुळेच कला बहरते." हे वाक्य ऐकलं की माझं डोकं फिरतं. २०२२मध्ये त्यांना पुन्हा एविन तुरुंगात टाकलं. २०२३च्या फेब्रुवारीत त्यांनी उपोषण आरंभलं, तेव्हा कुठे सुटका झाली. यात बहर कसला? गालिच्यावरच्या त्या मुलीचा सिनेमा तेव्हा झालाच नाही, तो हिशेब कोण मांडणार? तो मात्र हटेना. लातूरकरणीने त्याला फैलावर घेतलं. इतक्यात पुढच्या तासाची मुलं दारात आली. टेप फरशीवरून धड निघेना, आणि शिपाईमामांनी आम्हा सगळ्यांनाच चार शब्द सुनावले.