ओळंबा थांबेना

युद्धनौका बांधताना मला सर्वांत जास्त धास्ती वाटते ती कलचाचणीच्या दिवसाची. त्या दिवशी तोफ डागायची नसते की इंजिनही चालवायचे नसते. शांत पाण्यात उभ्या असलेल्या नौकेवर एका बाजूची वजने दुसऱ्या बाजूला न्यायची, ती किती कलते ते मोजायचे आणि त्यावरून तिचा गुरुत्वमध्य किती उंचीवर आहे हे ठरवायचे, एवढेच काम असते. कललेल्या नौकेला पुन्हा सरळ करणारा जोर मेटासेंटर (नौका किंचित कलल्यावर पाण्याच्या उचलीची रेषा तिच्या मध्यरेषेला जिथे छेदते तो बिंदू) आणि गुरुत्वमध्य यांच्यातील उभ्या अंतरावर अवलंबून असतो. या अंतराला आम्ही मेटासेंट्रिक उंची म्हणतो. हजारो टनांच्या नौकेत हे अंतर जेमतेम मीटरभर असते, आणि सगळी भिस्त त्यावरच असते.

मी सांगते आहे ती नौका विनाशिका (डिस्ट्रॉयर) होती आणि तिचे विस्थापन, म्हणजे ती बाजूला सारते त्या पाण्याचे वजन, सुमारे 6,000 टन होते. कागदावरच्या हिशेबाने तिची मेटासेंट्रिक उंची 1.20 मीटर यायला हवी होती. डेकच्या दोन्ही कडांना पाच-पाच टनांचे चार-चार ठोकळे मांडले होते. डाव्या बाजूचा एकेक ठोकळा 12 मीटर अंतरावर उजवीकडे न्यायचा होता. आत तीन ठिकाणी 5 मीटर लांबीचे ओळंबे टांगले होते, आणि त्यांचे झोके लवकर शमावेत म्हणून खालची वजने तेलाच्या पन्हाळीत बुडवली होती. वारा नव्हता, नौका बांधून ठेवणारे दोर सैल सोडले होते, चढ-उताराची शिडी काढून घेतली होती आणि नौकेवरच्या प्रत्येक माणसाला उभे राहण्याची जागा आखून दिली होती. पहिल्या ठोकळ्याला ओळंबा सुमारे 42 मिलिमीटर सरकेल आणि चौथ्याला 167, असा आमचा हिशेब होता.

पहिला ठोकळा टेकला. मधल्या ओळंब्यापाशी बसलेल्या प्रशिक्षणार्थी मुलाने 42 हा आकडा वाचला आणि मी तो लिहून घेतला. दुसऱ्या ठोकळ्याची खूण करणार इतक्यात तो म्हणाला, "मॅडम, दोरा अजून थांबला नाहीये." मी जवळ जाऊन पाहिले. झोका पूर्ण शमला होता, पण दोरा पट्टीवर एकाच दिशेने अगदी सावकाश पुढे जात होता. तो 43 वर आला, मग 44 वर, आणि कित्येक मिनिटांनी 45 च्या थोडा पुढे जाऊन स्थिरावला.

तीन मिलिमीटरांसाठी काम थांबवायचे का, असा प्रश्न एका वरिष्ठांनी विचारला आणि तो गैर नव्हता, कारण क्रेन, माणसे आणि शांत हवा हे सगळे पुन्हा जुळून येणे सोपे नसते. माझे मन मात्र त्या संथ सरकण्यात अडकले होते. वजन चुकीचे असते तर ओळंबा एकदम चुकीच्या जागी जाऊन थांबला असता. दोर ताणला गेला असता तर कल कमी भरला असता. नौका कलल्यानंतरही कल हळूहळू वाढत राहतो, म्हणजे आत काहीतरी वाहत असते.

विनाशिकांच्या बाबतीत ही शंका बाजूला टाकता येत नाही, कारण या नौकेच्या जातीतच वर चढणाऱ्या वजनाचा धोका आहे. 1866 मध्ये रॉबर्ट व्हाइटहेड या इंग्रज अभियंत्याने स्वतः पाण्याखालून धावणारा टॉर्पेडो बनवला, तो घेऊन छोट्या नौका मोठ्या युद्धनौकांच्या अंगावर जाऊ लागल्या आणि त्यांना गाठण्यासाठी 1893 च्या सुमारास ब्रिटिश नौदलात ‘हॅवॉक’सारख्या टॉर्पेडो-बोट विनाशिका आल्या. ‘हॅवॉक’ जेमतेम 240 टनांची होती आणि 26 नॉटच्या वेगाने धावत होती. वेगासाठी नौकेचे धड अरुंद आणि पत्रे पातळ ठेवायचे, आणि नंतर प्रत्येक नव्या धोक्यासाठी वर आणखी काही चढवायचे, हा क्रम तेव्हापासून सुरू झाला. जपानची ‘तोमोझुरू’ ही टॉर्पेडो बोट 12 मार्च 1934 रोजी वादळी समुद्रात उलटली. 600 टनांखालच्या नौकांना 1930 च्या लंडन तहातील मर्यादा लागू नसल्यामुळे एवढ्याशा धडावर विनाशिकेला शोभतील अशा 127 मिलिमीटरच्या तोफा लादल्या होत्या. त्यानंतर जपानी नौदलाला आपल्या इतर नौकांचीही स्थिरता नव्याने तपासावी लागली.

पण त्या दिवशी माझ्या डोळ्यांसमोर होती ती ‘स्पेन्स’. 18 डिसेंबर 1944 रोजी पॅसिफिकमधील टायफूनमध्ये अमेरिकेच्या ‘हल’, ‘मोनाहन’ आणि ‘स्पेन्स’ या तीन विनाशिका बुडाल्या आणि सुमारे 790 माणसे गेली. ‘स्पेन्स’ फ्लेचर वर्गातली होती. या वर्गाच्या 175 नौका बांधल्या गेल्या आणि सर्वांत यशस्वी विनाशिकांमध्ये त्यांची गणना होते. तिच्या टाक्यांत इंधन फार थोडे उरले होते. लवकरच इंधन भरून मिळेल या आशेवर टाक्यांत समुद्राचे पाणी भरायला उशीर झाला. तळ हलका आणि डोके जड अशा अवस्थेत तिला लाटांनी गाठले.

आमच्या नौकेत बॅलास्ट टाक्यांची, म्हणजे तोल राखण्यासाठी पाणी भरायच्या टाक्यांची, एक डावी-उजवी जोडी अर्धवट भरलेली होती. पंपाच्या अडचणीमुळे ती ना पूर्ण भरता आली ना रिकामी करता आली, हे आम्हाला ठाऊक होते आणि तसे नोंदवलेही होते. प्रत्येक टाकी 8 मीटर लांब आणि 3 मीटर रुंद होती. दोन्ही टाक्या स्वतंत्र धरल्या, तर आत इकडून तिकडे सरकणाऱ्या मोकळ्या पाण्यामुळे मेटासेंट्रिक उंची फक्त 6 मिलिमीटरने घटते. मात्र दोहोंना जोडणारा एक आडवा पाइप असतो. एका बाजूला भगदाड पडले तर पाणी दोन्हीकडे समान व्हावे, यासाठी तो ठेवलेला असतो. तो उघडा असेल, तर नौका ज्या बाजूला कलते तिकडे दुसऱ्या टाकीतले पाणीही धाव घेते. मी वहीच्या कोपऱ्यात तसा हिशेब मांडला. घट 6 मिलिमीटरवरून 104 मिलिमीटरवर गेली. उंची 1.10 मीटर धरून पहिल्या ठोकळ्याचा आकडा काढला, तो 45.5 आला.

नियंत्रण कक्षातला दिवा त्या पाइपावरचा व्हॉल्व्ह बंद असल्याचे दाखवत होता. तरीही फोरमन खाली उतरले. नौका कललेलीच होती आणि पाणी आता स्थिरावले होते, त्यामुळे पाइपाला हात लावून आतला प्रवाह कळण्याजोगा नव्हता, म्हणून त्यांनी दोन्ही टाक्यांची पातळी मोजण्याच्या नळीतून पुन्हा मोजली. सकाळच्या नोंदीशी ताडून पाहता डावीकडची पातळी उतरली होती आणि उजवीकडची तेवढीच चढली होती. चाचणी तिथेच थांबवली. नंतर व्हॉल्व्ह सुटा केल्यावर त्याच्या बैठकीत पॅकिंगचा (गळती रोखण्यासाठी भरायच्या साहित्याचा) बोटभर लांबीचा तुकडा अडकलेला सापडला. दांडा पूर्ण फिरत होता, दिवा दांड्यावरून लागत होता, आणि झडप मात्र अर्धवट उघडी होती.

आकडा तसाच स्वीकारला असता तर नौका आहे त्याहून कमी स्थिर ठरली असती आणि कुणीतरी तळाला ठोस बॅलास्ट घालून ती भरपाई केली असती. तो व्हॉल्व्ह मात्र तसाच समुद्रात गेला असता. मला जास्त भीती याची वाटते.

तिसऱ्या दिवशी पुन्हा चाचणी घेतली. पहिल्या ठोकळ्यानंतर तोच मुलगा पट्टीपाशी बसला होता. त्याने 42 वाचले, पण मला सांगितले नाही. घड्याळ लावून पूर्ण दहा मिनिटे तो दोऱ्याकडे पाहत राहिला आणि मग म्हणाला, "बेचाळीसच आहे, मॅडम."