आमची वाटचाल : कॅमेरा आमचा, नाव दुसऱ्याचं

केनियात, नैरोबीच्या रिव्हर रोडवर दुसऱ्या मजल्यावरच्या एका खोलीत २००३ साली आम्ही दोघांनी काम सुरू केलं. जवळ एक सेकंडहँड व्हिडिओ कॅमेरा, सोनी पीडी १५०, एक ट्रायपॉड आणि थर्माकोलचे चार पांढरे तक्ते. मी इथेच जन्मलो. वडील साताऱ्याहून शाळेत शिकवायला आले होते. भागीदार नैरोबीच्या उत्तरेच्या न्येरीकडचा, किकुयू जमातीचा. मी त्याला न्दुगू म्हणायचो, स्वाहिलीत भावाला म्हणतात तसं. माझी आई मला भाऊ म्हणते हे ऐकून तोही भाऊच म्हणू लागला. कॅमेरा माझा, एडिटिंग त्याचं. याच रस्त्यावरून इथल्या सिनेमाला रिव्हरवुड नाव पडलं, आणि त्यातला आपलाही वाटा आहे असं मी छातीठोकपणे सांगतो.

थर्माकोलचं सांगतोच. काळ्या चेहऱ्यावर लाइट थेट मारला की कपाळ चमकतं आणि डोळे हरवतात. लाइट मोठा, मऊ आणि बाजूने हवा, म्हणून तो थर्माकोलवरून परतवायचा. त्वचेवर त्याची झाक पडली पाहिजे. झेब्रा, म्हणजे ठरावीक उजेड झाला की कॅमेऱ्यात दिसणारे पट्टे, ७० वर ठेवून चेहरा एक्स्पोज करणं हा गोऱ्या माणसांचा हिशोब. तो आमच्या माणसांना लावला की मागचं आभाळ जळून जातं. शिवाय विषुववृत्त जवळ, दुपारी ऊन डोक्यावर. सकाळी नऊच्या आत किंवा चारनंतरच कॅमेरा काढावा. नवीन पोरांनी लेन्सवर पैसे घालण्याआधी हे शिकावं.

२०११ मध्ये केनियाच्या उत्तरेला तुर्कानात दुष्काळ पडला. एका परदेशी निर्मात्याचं काम शहरातल्या एका मोठ्या फर्मने आमच्याकडे दिलं. कर्ज काढून कॅननचा फाइव्ह डी मार्क टू कॅमेरा घेतला आणि तिथल्या लोडवार गावाच्या पुढे १९ दिवस शूट केलं. बारा मिनिटांवर क्लिप तुटायची, उन्हात बॉडी तापायची, दोन टेकच्या मध्ये कॅमेऱ्यावर छत्री धरून बसायचो. कोरड्या नदीच्या पात्रात खोल खणलेल्या खड्ड्यात एक बाई उतरली होती आणि वाडग्याने पाणी वर देत होती. तिच्या चेहऱ्यावर फक्त वाळूवरून परतलेला उजेड. तसा शॉट मला पुन्हा मिळाला नाही.

फिल्म लागली तेव्हा कॅमेऱ्याखाली त्या फर्मच्या मालकाचं नाव होतं. आम्ही दोघं ड्रायव्हरांच्या शेजारी, ‘स्थानिक मदत’ म्हणून. खड्ड्यातल्या बाईचा शॉट कित्येक वर्षं त्यांच्या शोरीलच्या, म्हणजे निवडक कामाच्या नमुना-फितीच्या, सुरुवातीला होता. पैसे सात महिन्यांनी आले, तेही अर्धे. २०११ च्याच जूनमध्ये फायनल कट या एडिटिंगच्या सॉफ्टवेअरची नवी आवृत्ती आली, ती जुने प्रोजेक्ट उघडेना. न्दुगूने जुनं मशीन हट्टाने चालू ठेवलं म्हणून हातातली कामं वाचली. लाइट मात्र विकावे लागले, खोलीचं भाडं तीन महिने थकलं.

तेव्हा म्वालिमू आल्या. म्वालिमू म्हणजे स्वाहिलीत शिक्षक, आपल्याकडे शाळेत बाई म्हणतात तसं. त्यांच्या शाळेचं स्नेहसंमेलन आम्ही पहिल्या वर्षापासून शूट करत होतो. त्यांनी पुढच्या दोन वर्षांचे पैसे एम-पेसावर, म्हणजे इथल्या मोबाइलवरून पैसे पाठवायच्या सेवेने, आगाऊ पाठवले आणि फोनवर एवढंच म्हणाल्या, ‘शाळा कुठे पळून जात नाही, तुम्हीही जाऊ नका.’ त्या पैशांतून भाडं भागलं. त्यांच्या शाळेचं बिल मी आजही स्वतः लिहितो, दर तोच.

पुढची वर्षं काम नीट चाललं, त्यात सांगण्यासारखं नाही.

आता करारात पैशांच्या आकड्याच्या वर क्रेडिटची ओळ असते: कॅमेरा कोणाचा, एडिटिंग कोणाचं, पडद्यावर कुठे. ती मान्य नसेल तर आम्ही बॅग उघडत नाही. तुम्हीही उघडू नका. आणि फुटेजची एकुलती एक कॉपी कोणाच्याही हातात देऊ नका, तो कितीही गोड बोलो.

त्या १९ दिवसांची दुसरी हार्ड डिस्क आमच्या कपाटात आहे. तिच्यावर न्दुगूने पांढरी टेप चिकटवून तारखा आणि आमची दोघांची नावं लिहिली आहेत.