महालात मोडी वाचताना

नागपूरकर भोसल्यांवरच्या माहितीपटासाठी आम्ही तिघं फेब्रुवारीत दोन दिवस नागपुरात होतो. पहिला घोळ माझाच. सोमवारी सकाळी स्टेशनवरून थेट अजब बंगला गाठला आणि दाराला कुलूप. १८६३ सालचं संग्रहालय, सोमवारी सुट्टी. तुम्ही मंगळवारी जा. भोसले-इंग्रजांची १८१७ची लढाई सीताबर्डीच्या टेकडीवर झाली, पण तिथला किल्ला लष्कराकडे आहे. सामान्यांना २६ जानेवारी, १ मे आणि १५ ऑगस्टलाच आत सोडतात. ड्रोन उडवायचा विचारही नको.

खरं काम महाल या जुन्या वस्तीतल्या एका घरात होतं. गांधी गेटपासून पुढे गाडी नेऊ नका, ई-रिक्षा बरी. घरच्यांनी जुने कागद बांधलेला लाल रुमाल सोडला, आणि आमच्या कॅमेरामनचा चेहरा पडला. पिवळट कागद, वर काळ्या ओळी. यात दाखवायचं काय? निर्मात्याला तर तलवार हवी होती, तीच रघूजी भोसल्यांची, २०२५ साली लंडनच्या लिलावात राज्य सरकारने ४७.१५ लाखांना घेतलेली. तलवार पडद्यावर दहा सेकंद चमकते, मग संपली.

मोडी ही जुनी मराठी लिपी वाचणारे काका आले आणि चित्र पालटलं. मोडीत आधी आडवी रेघ ओढतात, मग अक्षरं तिला लटकवत जातात. दोन शब्दांमध्ये जागा नाही, ऱ्हस्व-दीर्घाचा भेद नाही. काकांचं बोट रेघेखालून सरकत होतं, अडत होतं, मागे येत होतं. "सलास खमसैन मया व अलफ," ते पुटपुटले. "काका, हे फारसी का?" "अरबी आकडे आहेत भाऊ. ११५३, हा जुन्या कागदांतला शुहूर सन. इसवी सनासाठी त्यात ५९९ मिळव, १७५२ आलं. महिना पाहून कधी एक वर्ष पुढे जाते." पत्र कशाचं? हत्तींच्या चाऱ्याच्या थकबाकीचं! काका हसले, आम्हीही. तो चार मिनिटांचा तुकडा आम्ही न कापता ठेवलाय.

म्हणून सांगतो, कागदाआधी वाचणारा माणूस ठरवा, आणि माइक त्याच्या कॉलरला लावा. दिवा कडेने, अगदी तिरपा ठेवा. कागदाच्या सुरकुत्या उठून दिसतात. फ्लॅश बंद. ट्यूबलाइटखाली कॅमेऱ्याचं शटर १/५० सेकंदावर ठेवा, नाहीतर पट्टे येतात. आमचा पहिला तास त्यातच गेला. पंखा बंद करा, आवाजासाठी नाही, पानं उडतात म्हणून. फेब्रुवारीतही घाम येतो. मे महिन्यात हे जमणार नाही.

हातमोजे लागत नाहीत, उलट कडा फाटतात. पण सकाळी तर्री-पोहे हाणून आलात, तर आधी साबणाने हात धुवा आणि कोरडे करा. काकांनी आमच्या तिघांचे हात आधी वास घेऊन तपासले होते.