एकतीस चिंचोके

लेक चार वर्षांची झाली तेव्हा रात्रीची पाने मांडण्याचे काम मी तिच्याकडे सोपवले. सुरुवातीला ती एक ताट आणी, एका पाटासमोर ठेवी आणि दुसऱ्यासाठी पुन्हा स्वयंपाकघरात जाई. काही महिन्यांनी, काका-काकू जेवायला येणार हे कळताच, तिने मांडणीतून एकदम सहा ताटे उचलली आणि "आपली चार नि त्यांची दोन," असे सांगितले. अंक घडाघड म्हणता येणे वेगळे आणि संख्येची जाण येणे वेगळे, हे मला त्या रात्री पटले. पुढे तांदळाची वाटीही तिच्या हाती दिली: एका वाटीला दोन वाट्या पाणी, दोनाला चार, पाहुणे असले की चाराला आठ.

सासऱ्यांच्या इच्छेखातर घराण्याची वंशावळ जुळवायला घेतली, ती याच दिवसांत. कागदावरच्या रेघा लेकीला कळेनात, म्हणून फोडलेले चिंचोके जमिनीवर मांडले. ती स्वतः एक, आम्ही आई-बाबा दोन, आजी-आजोबा चार, पणजी-पणजोबा आठ. त्याच्या वरची ओळ मी मांडण्याआधीच ती म्हणाली, "आता सोळा, भाताच्या पाण्यासारखं." नाव ठाऊक असेल तर तपकिरी बाजू वर आणि नसेल तर पांढरी, असे आम्ही ठरवले. सगळे मोजताना ती अठ्ठाविसानंतर अडली आणि "वीस नऊ" म्हणाली. बालभारतीच्या दुसरीच्या गणितात 2019 मध्ये ही वाचनपद्धत आली तेव्हा राज्यभर वाद झाला होता. मला दोन्ही रूपे हवीशी वाटतात. तीस चिंचोक्यांतला एक मुठीत लपवून "तिसाला एक उणा" असे दाखवल्यावर एकोणतीसही तिच्या तोंडी बसले.

सर्वांत वरच्या ओळीत मात्र सात पांढरे चिंचोके होते आणि त्यांतल्या सहा बायका होत्या. पुरुषाच्या नावामागे वडिलांचे नाव लागत असल्याने एक पिढी आपोआप हाती लागते. लग्नानंतर स्त्रीच्या नावातून तिचे वडीलही पुसले जातात आणि आईचा तर जुन्या नावांत कधी उल्लेखच नसे. तहसील कार्यालयातून गावच्या कोतवाल बुकाची, म्हणजे जन्म-मृत्यूच्या जुन्या नोंदवहीची, नक्कल मिळवायला तीन खेपा झाल्या. मोडी जाणणाऱ्या गृहस्थांनी ती वाचली, तेव्हा जन्माच्या कित्येक नोंदींत बापाचे नाव आणि पुढे नुसते "मुलगी" एवढेच निघाले, कारण नोंद बारशाच्या आधीच झालेली असे. मला फार वाईट वाटले.

नाशिकला रामकुंडाजवळ माझ्या माहेरच्या तीर्थोपाध्यायांनी आडनाव आणि मूळ गाव विचारून तीर्थाला येणाऱ्या घराण्यांच्या नोंदींची वही काढली. शके 1853, भाद्रपद, म्हणजे 78 मिळवून 1931. माझे पणजोबा पत्नीच्या अस्थी घेऊन आले होते आणि त्यांनी तिचे नाव लिहवून ठेवले होते. आजोबा तेव्हा जेमतेम दोन वर्षांचे असल्याने त्यांना आईचे नाव कधी नीट सांगताच आले नव्हते. मोडीतल्या त्या तीन अक्षरांवरून मी बोट फिरवले आणि काही वेळ तिथेच बसून राहिले.

आजेसासूबाई लग्नाआधी दोन वर्षे शाळेत गेल्या होत्या. त्या शाळेच्या जनरल रजिस्टरात त्यांच्या वडिलांचे नाव सापडले. आणखी एक नाव आत्येसासूबाईंनी फोनवर सांगितले. त्या शहाऐंशी वर्षांच्या आहेत. आपल्या आजीचे माहेरचे आणि सासरचे अशी दोन्ही नावे त्यांनी मला दोनदा उच्चारून दाखवली, कारण मी चुकीचे लिहीन अशी त्यांना काळजी वाटत होती. म्हातारी माणसे आहेत तोवर हे विचारण्याचे काम कागदपत्रांच्या आधी करायला हवे होते. मी ते उलट केले.

फोन ठेवल्यावर लेकीने डबा उघडून चिंचोके पुन्हा मांडले. वरच्या ओळीतले तीन तिने एकेक करून तपकिरी बाजूवर वळवले, न मोजता "चार राहिले" म्हणाली आणि त्या चौघींची नावे आता कोणाला विचारायची, असे मला विचारले. माझ्या आईची एक मावशी कोल्हापूरला असते. दिवाळीत आम्ही तिच्याकडे जाणार आहोत, तेव्हा डबाही बरोबर नेऊ.